१०१ ची नोटीस आली आहे, जामीनदाराने आधी काय करायचं?

तुमचा प्रश्न थोडक्यात पुन्हा मांडतो, म्हणजे बाकीच्यांनाही संदर्भ लागेल. तुम्ही माध्यमिक शाळेत शिक्षक आहात. दाजींनी जून २०१८ मध्ये फॅब्रिकेशनच्या वर्कशॉपसाठी एका नागरी सहकारी बँकेकडून ९ लाखांचं मुदत कर्ज घेतलं, सात वर्षांचं, १३.५ टक्के व्याजाने. दाजींचं घर गहाण आहे, मशिनरी नजरगहाण आहे (म्हणजे तारण, पण ताबा दाजींकडेच), आणि जामीनदार दोन आहेत, तुम्ही आणि दाजींचे एक मित्र. ३२ हप्ते भरले, साधारण ५ लाख ३२ हजार, आणि फेब्रुवारी २०२१ नंतर हप्ते बंद पडले. बँक डिसेंबर २०२४ अखेर ११ लाख ८० हजार येणे दाखवते. सहकार खात्याच्या उपनिबंधक कार्यालयाची कलम १०१ ची, म्हणजे सहकारी कायद्याखालच्या कर्जवसुलीची नोटीस आली आहे, सुनावणीची तारीख २२ दिवसांवर. तुम्ही विचारता की नऊ घेतले, सव्वापाच भरले, तर पावणेबारा आले कुठून? पगाराला हात लागेल का? सहकार न्यायालयात दावा टाकला तर हे थांबेल का? आणि नातेवाईक म्हणतात तसा लखोटा परत पाठवला असता तर बरं झालं असतं का?

शेवटच्यापासून सुरू करतो, कारण सगळ्यात जास्त नुकसान तिथेच होतं. लखोटा घेतलात हे उत्तम केलंत. पोस्टमनने 'स्वीकारण्यास नकार' असा शेरा मारला की कायद्याच्या नजरेत नोटीस बजावलीच गेली. मी वकिलीत येण्याआधी अशाच एका बँकेच्या वसुली विभागात होतो, तिथे नकाराचा शेरा असलेला लखोटा आम्ही न फोडता फाईलला लावायचो. तो आमचा सर्वांत आवडता पुरावा. समोरचा माणूस सुनावणीला येणार नाही हे त्यावरून आधीच कळायचं.

आता आकडा. तुमच्या हिशेबात ९ लाखांतून ५.३२ वजा जाता ३.६८ लाख उरतात. बँकेचं गणित तसं चालत नाही. ९ लाखांवर १३.५ टक्क्यांनी पहिल्या महिन्याचं व्याजच १०,१२५ रुपये होतं. हप्ता साधारण १६,६२० चा. म्हणजे पहिल्या हप्त्यातून मुद्दल फिटलं ते जेमतेम ६,४९५. असे ३२ हप्ते नियमित गेले तरी मुद्दल साडेसहा लाखांच्या आसपास शिल्लक राहतं. त्या साडेसहा लाखांवर पुढचे ४६ महिने नुसतं करारातलं १३.५ टक्के व्याज दरमहा चढत गेलं, तर रक्कम १० लाख ९० हजारांच्या घरात जाते.

हे ऐकायला आवडणार नाही, पण आत्ताच समजलेलं बरं. अकरा लाख ऐंशीपैकी बराचसा आकडा कराराप्रमाणेच आलेला दिसतो. भांडण्यासारखे आहेत ते वरचे ऐंशी-नव्वद हजार, आणि तेही खातेउतारा पाहिल्यावरच नक्की सांगता येईल. 'बँक लुटते आहे' असं म्हणत सुनावणीला उभं राहिलात तर तुमचं कुणी ऐकणार नाही. 'या तारखेची, या रकमेची नोंद चुकीची आहे' म्हणालात तर ऐकावं लागतं.

म्हणून पहिलं काम उद्याच करा. शाखेत लेखी अर्ज द्या आणि आपल्या प्रतीवर आवक शिक्का घ्या. अर्जात मागायचं काय? कर्ज सुरू झाल्यापासूनचा पूर्ण खातेउतारा, मंजुरीपत्र, करारनामा, तुमच्या जामीनकीचा दस्त, आणि संपूर्ण कर्ज एकदम परत मागणारं पत्र दिलं असेल तर त्याची प्रत. शाखेने टाळाटाळ केली तर तोच अर्ज सुनावणीत दाखवून निबंधकांपुढे कागद मागा. बँकेने अर्जासोबत हिशेब जोडायचाच असतो, त्याची प्रत तुम्हाला मिळायलाच हवी.

उतारा हातात आला की पेन्सिल घेऊन बसा. तुम्ही शिक्षक आहात, पेपर तपासायची सवय आहे, इथे तीच लागते. मी कुठे खुणा करतो ते सांगतो. एक, मंजुरीपत्रातला व्याजदर आणि प्रत्यक्ष लावलेला दर. मध्येच दर वाढवला असेल तर तो कोणत्या कलमाखाली आणि कळवला कधी? दोन, विम्याचा हप्ता. गहाण घराचा आणि मशिनरीचा विमा बँक काढते आणि खात्याला नावे टाकते, पण एकाच वर्षात दोनदा टाकलेला मी अनेकदा पाहिला आहे. तीन, नोटीस खर्च, वकील फी, 'भेट खर्च' अशा किरकोळ नोंदी. रक्कम लहान असते, पण त्यावरही पुढे व्याज चढत जातं.

आणि चौथी खूण सगळ्यात महत्त्वाची, दंडव्याजाची. दंडव्याज थकलेल्या हप्त्यावर लागायला हवं, पण काही ठिकाणी संगणकात ते संपूर्ण शिल्लक रकमेवर बसवलेलं असतं. १६,६२० चा एक हप्ता थकला तर २ टक्क्यांनी वर्षाला ३३२ रुपये होतात. तेच दोन टक्के साडेसहा लाखांवर लावले तर वर्षाला १३ हजार. बँकेने संपूर्ण कर्ज परत मागितल्यानंतर मात्र सगळी रक्कमच थकबाकी ठरते, म्हणून ते पत्र कोणत्या तारखेचं आहे यावर हा मुद्दा टिकतो की पडतो हे ठरतं. शिवाय रिझर्व्ह बँकेच्या ऑगस्ट २०२३ च्या परिपत्रकानंतर नागरी सहकारी बँकांनाही दंडव्याज लावता येत नाही. फक्त दंडात्मक शुल्क लावता येतं आणि त्या शुल्कावर पुन्हा व्याज घेता येत नाही. जुन्या खात्यांना हा बदल ३० जून २०२४ पर्यंत लागू करायचा होता. तुमच्या उताऱ्यात जुलै २०२४ नंतरही जुन्याच पद्धतीचं दंडव्याज दिसलं, तर ती ओळ लाल पेनने गोल करा.

आता ही नोटीस म्हणजे नेमकं काय ते पाहू. सहकारी बँक वसुलीला वेगवेगळ्या वाटांनी येते आणि प्रत्येक वाटेचं दार, मुदत आणि कुलूप वेगळं आहे. तुमच्यावरची वाट महाराष्ट्र सहकारी संस्था अधिनियम, १९६० च्या कलम १०१ ची आहे. कर्जाच्या वेळी तुमच्याकडून किरकोळ रक्कम घेऊन एक सभासदत्वाचा फॉर्म भरून घेतला असेल, आठवतं का? तो नाममात्र सभासदत्वाचा, आणि जामीनदाराला या कायद्याच्या कक्षेत आणायला बँकेला त्याचा उपयोग होतो. कलम १०१ खाली निबंधक, म्हणजे व्यवहारात उपनिबंधक किंवा सहायक निबंधक, चौकशी करून वसुली दाखला देतात. त्याची कार्यपद्धती १९६१ च्या नियमांत नियम ८६-अ पासून पुढे दिली आहे. दाखला मिळाला की थकबाकीबद्दल तो निर्णायक पुरावा मानला जातो आणि कोणत्याही न्यायालयात त्याला आव्हान देता येत नाही. त्यावर फक्त कलम १५४ खाली पुनरीक्षण अर्ज, म्हणजे दाखला फेरतपासण्याचा अर्ज करता येतो, तोही दोन महिन्यांत.

आणि पुनरीक्षणाच्या दाराला कुलूप आहे. दाखल्यातल्या एकूण रकमेच्या ५० टक्के रक्कम भरल्याशिवाय अर्ज दाखलच होत नाही. तुमच्या बाबतीत ५ लाख ९० हजार. दोन महिन्यांत तेवढी रक्कम उभी करू शकणारे जामीनदार मी फार थोडे पाहिले. म्हणून मी अशिलांना एकच गोष्ट घोळून घोळून सांगतो की फुकटात भांडता येईल अशी जागा एकच आहे, पहिली सुनावणी. तिथे हजर राहून लेखी म्हणणं द्यायला काही भरावं लागत नाही. तीच चूक दाखल्यानंतर दाखवायची तर आधी सहा लाख लागतात.

त्या कार्यालयातलं दृश्य डोळ्यांसमोर आणा. दुपारची वेळ, एका दिवसात एकाच बँकेच्या तीस-चाळीस फायली. बँकेचा वसुली अधिकारी गठ्ठा घेऊन खुर्चीत बसलेला. लिपिक नाव पुकारतो, दारात कुणी नसतं, 'गैरहजर'. पुढचं नाव, 'गैरहजर'. अर्ध्या तासात वीस फायली निकालासाठी बंद. दोन वर्षांपूर्वी अशाच एका दुपारी एक रसवंतीवाले उठून उभे राहिले. वकील नव्हता. हातात उतारा, त्यावर पेन्सिलीच्या सात खुणा. त्यातल्या चार निकामी होत्या, तीन बरोबर होत्या. बँकेच्या माणसाने 'तपासून सांगतो' म्हटलं, पुढची तारीख घेतली आणि सुधारित हिशेब दाखल केला, बेचाळीस हजारांनी कमी. रसवंतीवाल्यांचं कर्ज काही माफ झालं नाही, पण त्यानंतर तडजोडीच्या बैठकीला बँक त्यांच्याशी वेगळ्या सुरात बोलू लागली.

सहकार न्यायालयाचं विचारलंत. कलम ९१ खालचा वाद तिथे चालतो, साक्षीपुरावा होतो, उलटतपासणी होते, निकालावर दोन महिन्यांत सहकार अपील न्यायालयात जाता येतं. बँकेने स्वतः तिथे वाद दाखल केला असता तर तुम्हाला सविस्तर कैफियत देता आली असती. पण बँकेने १०१ निवडली आहे, आणि ती सुरू असताना सहकार न्यायालय स्थगिती देईल ही आशा मी अशिलांना दाखवत नाही. वकिलीच्या सुरुवातीच्या काळात दाखवली होती. एका पतसंस्थेच्या प्रकरणात १०१ च्या तारखा सोडून मी सहकार न्यायालयात वाद टाकला. चौदा महिने तारखा पडत राहिल्या, दरम्यान तिकडे दाखला निघाला, पुनरीक्षणाची मुदत गेली आणि विलंब माफीच्या अर्जावर मलाच शरमेने उभं राहावं लागलं. अशील भला माणूस होता, काही बोलला नाही. दिवाणी न्यायालयाचा सल्ला कुणी दिला असेल तर तो विसरा, अधिनियमाच्या कलम १६३ ने ते दार या विषयांपुरतं बंद केलं आहे. थेट उच्च न्यायालयात गेलात तर बहुतेक वेळा पहिला प्रश्न येतो की पुनरीक्षणाचा मार्ग असताना इथे का आलात?

आता तुमच्या मनातला खरा सल. कर्ज दाजींनी घेतलं, घर त्यांचं गहाण आहे, मग आधी ते विका, माझ्याकडे नंतर या. माणूस म्हणून हे अगदी रास्त आहे. कायद्यात मात्र जामीनदाराची जबाबदारी कर्जदाराइतकीच असते, भारतीय करार अधिनियमाचं कलम १२८. कर्जदाराकडची वसुली आधी संपवा असं जामीनदार म्हणू शकत नाही हे सर्वोच्च न्यायालयाने बँक ऑफ बिहार विरुद्ध दामोदर प्रसाद या निकालात सांगून पन्नास वर्षं उलटून गेली. म्हणून 'मी फक्त सही केली होती' हे वाक्य लेखी म्हणण्यात घालू नका. पगारदार जामीनदाराकडे बँक आधी वळते याचं कारणही साधं आहे. घर विकायला दोन वर्षं लागतात, तुमचा पगार मात्र दर महिन्याला ठरल्या वेळी जमा होतो.

जामीनदार सुटतो किंवा अंशतः सुटतो अशा जागा आहेत, त्या तपासा. तुमची संमती न घेता बँकेने कर्जाच्या अटी बदलल्या का? म्हणजे मुदत वाढवून पुनर्बांधणी केली, वाढीव कर्ज दिलं, एखादं तारण सोडून दिलं? करार अधिनियमाची कलमं १३३ ते १४१ यासाठी आहेत. बँकेने तारण गमावलं तर त्या किमतीपुरता जामीनदार मोकळा होतो. स्टेट बँक ऑफ सौराष्ट्र विरुद्ध चित्तरंजन रंगनाथ राजा या १९८० च्या निकालात बँकेच्या ताब्यातला माल तिच्याच हलगर्जीपणाने गेला, म्हणून जामीनदाराला दिलासा मिळाला. तुमच्या प्रकरणात वर्कशॉपमधली मशिनरी आज जागेवर आहे का? ती विकली गेली असेल तर बँकेला माहीत असून विकली, की दाजींनी गुपचूप? नजरगहाणात वस्तू कर्जदाराच्याच ताब्यात असते, त्यामुळे गुपचूप विकली असेल तर बँकेवर दोष टाकणं अवघड. बँकेने ना-हरकत दिली असेल तर तुमचा मुद्दा भक्कम. छापील जामीनपत्रात बँका हे हक्क आधीच सोडून घेतात, म्हणून तुमच्या सहीचा दस्त वाचल्याशिवाय मी इथे ठाम बोलणार नाही.

पगाराचं. कर्जाच्या वेळी पगारकपातीचं हमीपत्र दिलं होतं का, त्यावर मुख्याध्यापकांची सही-शिक्का आहे का, ते आठवा. असेल तर कपात लवकर सुरू होऊ शकते. नसेल तर दाखल्यानंतर सहकारी संस्था अधिनियमाच्या कलम १५६ आणि नियम १०७ खाली वसुली अधिकारी पगारावर जप्ती आणू शकतो. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ६० मुळे पगाराचा मोठा भाग जप्तीबाहेर राहतो, सगळा पगार उचलला जात नाही. तुमच्या नावावर शेती किंवा घर असेल तर सातबाऱ्यावर किंवा मिळकत पत्रिकेवर बोजा चढू शकतो. तो गहाण नसतानाही चढतो, याचं लोकांना आश्चर्य वाटतं. लिलाव ही फार पुढची पायरी आहे.

दाजींच्या घराचा मार्ग निराळा. बँक तिथे सरफेसी कायदा, २००२ वापरू शकते, म्हणजे न्यायालयात दावा न लावता गहाण मिळकत ताब्यात घेऊन विकण्याचा कायदा. सहकारी बँकांना तो लागूच नाही असा युक्तिवाद वर्षानुवर्षं चालला, पण ५ मे २०२० रोजी सर्वोच्च न्यायालयाच्या पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने तो संपवला. ते प्रकरण आपल्याच कोल्हापूर जिल्ह्यातल्या मुरगूडच्या सहकारी बँकेचं होतं. जुने लेख वाचून अजूनही लोक तोच मुद्दा घेऊन माझ्याकडे येतात. दाजींना साठ दिवसांची कलम १३(२) ची नोटीस आली असेल तर त्याला लेखी उत्तर द्यायला सांगा, बँकेला पंधरा दिवसांत कारणांसह खुलासा करावा लागतो. ताब्याची कारवाई झाली तर कर्जवसुली न्यायाधिकरणात जायला ४५ दिवस असतात. शेतजमीन या कायद्यातून वगळलेली आहे, आणि तुमची कोणतीही मिळकत गहाण नसल्याने सरफेसीची कारवाई तुमच्या घरावर येणार नाही. तुमच्या मिळकतीला धोका आहे तो १०१ कडूनच. (बँक नसलेल्या पतसंस्थेला सरफेसी वापरता येत नाही. कर्ज पतसंस्थेचं असणाऱ्यांनी हा फरक लक्षात ठेवावा.)

तडजोडीबद्दल तुम्ही विचारलं नाहीत, पण माझ्या मते तुमचं प्रकरण शेवटी तिथेच जाईल. एकरकमी परतफेड, म्हणजे ठरलेली कमी रक्कम एकदम भरून खातं मिटवणं, हा हक्क नाही. बिजनौरच्या नागरी सहकारी बँकेच्या प्रकरणात डिसेंबर २०२१ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने स्पष्ट केलं की ती द्यायला बँकेला न्यायालयही भाग पाडू शकत नाही. त्यामुळे विनंतीच्या भाषेत, पण तयारीने जा. तयारी म्हणजे तुमच्या खुणा केलेला उतारा, दाजींच्या घराची आजची अंदाजे किंमत, आणि एक ठोस रक्कम कोणत्या तारखेला देणार याचं पत्र. पत्रात 'हक्क अबाधित राखून' हे शब्द हवेत, नाहीतर तेच पत्र कर्ज कबूल केल्याचा पुरावा म्हणून समोर येईल. शाखाधिकाऱ्याच्या तोंडी 'होऊन जाईल साहेब' वर एक रुपयाही भरू नका. संचालक मंडळाचा ठराव आणि मंजुरीचं पत्र हातात आल्यावरच भरा. बँकेकडे दाजींचे शेअर्स असतील, त्या काळी तारणी कर्जाला साधारण अडीच टक्के घेतले जायचे, म्हणजे साडेबावीस हजार. तडजोडीच्या आकड्यात ते धरले आहेत का एवढं विचारा.

तुम्ही काही भरलंत तर पावती तुमच्या नावाने, 'जामीनदार म्हणून भरणा' असा उल्लेख करून घ्या. दाजींच्या खात्यात मुकाट्याने पैसे टाकू नका. जामीनदाराने कर्ज फेडलं की बँकेचे हक्क, अगदी गहाणाचे सुद्धा, त्याच्याकडे येतात (करार अधिनियमाचं कलम १४०), आणि दुसऱ्या जामीनदाराकडून निम्म्या वाट्याची मागणी करता येते (कलम १४६). त्यासाठी भरल्यापासून तीन वर्षांची मुदत असते. बहिणीच्या नवऱ्यावर दावा कोण लावणार, असं तुम्ही म्हणाल. लावू नका हवं तर. पण त्या दुसऱ्या जामीनदाराशी तुमचं नातं नाही ना?

थोडक्यात क्रम असा. उद्या अर्ज आणि आवक शिक्का. उतारा आला की एक रविवार त्याच्यावर. त्यानंतर लेखी म्हणणं, दोन पानांच्या वर नको, प्रत्येक आक्षेपापुढे तारीख आणि रक्कम, सोबत उताऱ्याची खुणा केलेली प्रत. उतारा वेळेत मिळाला नाही तर तेवढ्यासाठी लेखी मुदत मागा, पण तारखेला हजर राहूनच. जाताना दुसऱ्या जामीनदारालाही घेऊन जा, दोघांचे आक्षेप एकाच सुरात आले तर बरं. तुमच्या जामीनपत्राचा दस्त हातात आला की त्यातलं कर्जाच्या अटी बदलण्याबद्दलचं कलम मला जसंच्या तसं लिहून कळवा, नावं आणि खाते क्रमांक वगळून. कलमं १३३ ते १४१ चा आधार तुम्हाला मिळतो का, ते त्यावरून सांगता येईल.